ग्लेनिसची अट

ग्लेनिस गेली त्या आठवड्यात आमच्या दारात पाच जणींनी झाकलेली भांडी आणून दिली. बटाट्याचा थर दिलेला खिमा, कोंबडीचा रस्सा, गोडाला केक आणि कस्टर्डचं एक भलंमोठं ट्रायफल. "डेस्मंडना खायला लावा हो," खाटकाची बायको माझा हात दाबत म्हणाली. "बायको गेली की पुरुषमाणूस जेवतच नाही."

डेस्मंडची बायको मी. म्युरिअल. लग्नाला एकेचाळीस वर्षं झाली. ग्लेनिस त्याची टीव्हीवरची बायको. 'गाडी बाजूला घ्या' ही त्यांची विनोदी मालिका नऊ वर्षं चालली. डेस ड्रायव्हिंग शिकवणारा, आणि त्याच्या बायकोला काही केल्या परीक्षा पास होता येत नाही. ग्लेनिस दर आठवड्याला काहीतरी ठोकायची, वर डेसलाच झापायची, आणि लोक हसून लोळायचे. डेस नुसता शेजारी बसून तोंड वाकडं करायचा. त्या तोंडाच्या कमाईवर आम्ही मोरकंबला समुद्रासमोर घर घेतलं, तेव्हा मी त्याला नावं ठेवत नाही. पुढे त्याला एकट्याला एक मालिका मिळाली, ती सहा भागांत गुंडाळली. मग दर नाताळात मुलांच्या नाटकात झगा घालून बाईचं काम. ते सहा भाग त्याच्या मनातून कधी गेले नाहीत.

मला ग्लेनिसचा हेवा वाटायचा. बाजारात माझ्यादेखत लोक त्याला विचारायचे, "काय, बायको अजून गाडी ठोकते का?" आणि हा गाढव सांगायचा, "रोज." माझ्या हातून गाडीला आजवर ओरखडाही पडलेला नाही.

ग्लेनिसच्या मुलीने तिची चिठ्ठी आणून दिली. 'अंत्यविधीला डेसने बोलावं. लोक हसले पाहिजेत. कोणी हसलं नाही, तर मी उठून हसवेन, नेहमीसारखी.' ते 'नेहमीसारखी' त्याला लागलं. तीन दिवस तो न्हाणीघरात भाषण घोकत होता.

"म्युरिअल, कोणी हसलंच नाही तर?"

"तर ग्लेनिस उठेल. तुला परत काम मिळेल."

"थट्टा नको. तू तरी हसशील ना?"

"हसण्याजोगं असलं तर."

नऊ वर्षं दर शुक्रवारी स्टुडिओत चित्रीकरणाला मी प्रेक्षकांच्या तिसऱ्या रांगेत बसले, पण खोटं कधी हसले नाही. मी ग्लेनिसलाच हसायचे, हे त्यालाही ठाऊक होतं.

चर्च भरलं होतं. डेसने पहिला विनोद केला आणि सवयीप्रमाणे थांबला. स्टुडिओत हशा ओसरेपर्यंत थांबावं लागतं. इथे हशाच नव्हता. सगळे माना खाली घालून बसले, कोणीतरी खोकलं. दुसऱ्या विनोदाला दोघं खोकले. त्याचे कान लाल झाले. मी त्याच्यासाठी हसायला तोंड उघडलं, पण खोटं हसू काही येईना.

डेसने हातातला कागद खिशात कोंबला. "सगळ्यांना वाटतं ग्लेनिस माझी बायको होती," तो म्हणाला. "मीही कधी कोणाची चूक सुधारली नाही. माझी बायको म्युरिअल. तेव्हा तिसऱ्या रांगेत असायची, आजही तिथेच बसली आहे." आणि तो थांबला.

माझे डोळे भरून आले. तेवढ्यात मागच्या रांगेतल्या एक बाई माझ्या कानाशी वाकल्या. "दुःखाने डोकं फिरलंय बिचाऱ्यांचं. तुम्ही बहीण ना त्यांची? लवकर घरी न्या त्यांना."

मला हसू फुटलं. रुमाल तोंडात कोंबला तरी आवरेना. माझं ऐकून ग्लेनिसची मुलगी हसली, मग तिची मुलं, मग अख्खं चर्च. डेस थांबला, हवं तेवढंच थांबला, आणि हशा ओसरता ओसरता पुढचं वाक्य टाकलं. त्यावरही लोक हसले. पुढे शेवटपर्यंत हसत राहिले.

घरी येताना गाडी मी चालवत होते. डेस शेजारी बसून शीळ घालत होता.

"पाहिलंस, त्या वाक्यानंतर किती थांबलो मी? सगळी गंमत त्या थांबण्यात असते."

"पाहिलं."

"तू खरंच हसलीस ना?"

"अगदी खरं," मी म्हणाले.

मागच्या बाईंचं मी त्याला अजून सांगितलेलं नाही.