लाल चिठ्ठीची बरणी

मुलांनो, कल्पना करा: तुमच्यापुढे काचेची बरणी आहे, आणि तिच्यातल्या स्पिरिटमध्ये एक वटवाघूळ पंख मिटून पडलं आहे. घाबरू नका. आजोबांबरोबर संग्रहालयात आलेली एक नातही घाबरली नव्हती. आजोबांनी शिकवल्याप्रमाणे तिने ते चिमट्याने बाहेर काढलं, पंख अलगद पसरला आणि खिडकीच्या उजेडात धरला.

"पंखातल्या बोटांच्या सांध्यांतून उजेड दिसतो?" आजोबांनी विचारलं.

"दिसतो."

"म्हणजे हाड अजून पक्कं झालेलं नाही. पिल्लू. लिही."

आजोबा संग्रहालयात सस्तन प्राण्यांचे अभ्यासक होते. उंदरांचे दात आणि वटवाघळांचे कान मोजण्यात चौतीस वर्षं गेली. उद्या ते निवृत्त होणार होते. त्यांच्या जागी आलेल्या बाई शेजारच्या खोलीत यादी ताडून पाहत होत्या.

लाल चिठ्ठीची बरणी हातात आली तशी नात थांबली.

"हे आजीचं ना?"

"आजीच्या नावाचं." ते हसले. तरुणपणी या एकाच वटवाघळावरून त्यांनी नवी जात जाहीर केली होती आणि तिला बायकोचं नाव दिलं होतं. नव्या जातीच्या पहिल्या नमुन्याला लाल चिठ्ठी लावतात.

"आजी काय म्हणाली?"

"म्हणाली, लोक बायकोला कानातलं आणतात, तुम्ही वटवाघूळ आणलंत! पण आल्यागेल्याला सांगायची. शेवटच्या आजारपणात नर्सलासुद्धा सांगून झालं होतं."

नात खुदकन हसली आणि हसता हसता त्याही वटवाघळाचा पंख उजेडात धरला. मग तिचं हसू थांबलं.

"आजोबा..."

ते वाकले. प्रत्येक सांध्याशी एक उजळ ठिपका. लहान कवटी, आखूड पंख, मऊ राखाडी केस: नव्या जातीची म्हणून जी जी लक्षणं त्यांनी छापली होती, ती साध्या वटवाघळाच्या कुठल्याही पिल्लाची होती. दुसऱ्यांच्या चुका काढण्यात उभा जन्म गेला. ही बरणी मात्र ते नुसती कौतुकाने पुसून ठेवत आले होते.

नातीने त्यांच्या तोंडाकडे पाहिलं.

"मला नीट दिसलं नसेल," ती हळूच म्हणाली. "मी 'मोठं' लिहू?"

"सर, लाल चिठ्ठीचं झालं का?" शेजारून बाईंनी विचारलं.

आजोबा खुर्चीची पाठ धरून उभे राहिले.

"आजीची समजूत मी काढतो," ते म्हणाले. "तू दिसलं तेच सांग."

नातीने पेन्सिल खाली ठेवली, शेजारच्या खोलीत गेली आणि बाईंना हाताला धरून खिडकीपाशी घेऊन आली.