कथाणू आटलेलं गाव

गोधड्या एकीवर एक रचून ठेवाव्यात तशी जगं एकमेकांना चिकटून आहेत, आणि त्या सगळ्यांत एक कण खेळतो. अणूच्याही पोटात शिरेल इतका बारीक. शास्त्रज्ञांनी त्याचं नाव ठेवलं कथाणू. तो असला की घडलेल्या गोष्टी एकमेकींना धरून राहतात, ऐकणारा 'मग?' म्हणतो आणि सांगणाऱ्याला पुढचं सुचतं. अशाच एका जगातल्या गावात कथाणू सोडणारं यंत्र बिघडलं आणि गाव कोरडं पडत गेलं. दुरुस्तीला एका मेकॅनिक बाईला पाठवलं. बाकीच्यांनी बायकापोरांची कारणं पुढे केली होती.

"तुझं काय, एकटा जीव सदाशिव," साहेब म्हणाले.

ते खरंच होतं. पन्नाशीची बाई, ना नवरा ना मूल. एक थोरली बहीण तेवढी होती. मेकॅनिक बाईने पिशवी भरली.

गाव वाईट नव्हतं. रस्ते झाडलेले, नळाला पाणी, दुकानदार मापाला चोख. पण कोणी कोणाजवळ थांबत नव्हतं. बसमध्ये माणसं खांद्याला खांदा लावून बसत आणि आपापल्या थांब्यावर उतरून जात. तिने माडीवरची एक खोली भाड्याने घेतली. घरमालकीण सत्तरीला टेकलेली, पण कामाला वाघ.

"काकू, घरी आणखी कोण असतं?"

"नवरा होता. छत्री दुरुस्त करून आणतो म्हणून गेला. आला नाही."

"अगंबाई. कधी?"

"झाली बरीच वर्षं. पाणी तापलंय, अंघोळ करून घ्या."

काकूंचा आवाज जराही हलला नाही.

यंत्र पाण्याच्या टाकीच्या माथ्यावर होतं. आतल्या चाळण्या गंजून एकजीव झालेल्या. दिवसभर ती एकटीच त्या खरवडत बसे. संध्याकाळी ताईचा फोन येई. ताईला सगळं मीठमसाला लावून ऐकायची सवय, आणि सुरुवातीला मेकॅनिक बाई तसं सांगायचीही. हळूहळू बोलणं आखडत गेलं.

"आज काय केलंस?"

"उठले. कामाला गेले. आले."

"अगं, तार वाचतेस का?" ताई हसली. "परवा जिन्यात पडले म्हणालीस, त्याचं काय झालं?"

"पडले. उठले."

ताई पुढे हसली नाही. फोन एक दिवसाआड झाले, नंतर त्याहून विरळ.

एकदा जेवताना तिने वडील आठवून पाहिले. वडील आजारी होते. ती दवाखान्यात होती. वडील गेले. सगळं ठाऊक होतं, पण सुटं सुटं, माळ तुटल्यावरच्या मण्यांसारखं. रडू येईल म्हणून ती वाट बघत थांबली. आलं नाही. मग उठून तिने ताट घासलं. भीती वाटत होती, पण कशाची, ते तिला मनातल्या मनातही जुळवून सांगता येईना.

काम लवकर संपावं म्हणून त्यानंतर तिने जेवणाची सुट्टी घेणंही सोडलं. अखेर चाळण्या बसल्या, यंत्र घुमायला लागलं. ती खाली उतरली तर थांब्यावर कंडक्टर हातवारे करून ड्रायव्हरला काहीतरी सांगत होता, आणि ड्रायव्हर बस सुरू करायचंच विसरला होता. ती हलक्या पावलांनी घरी आली.

काकू पायरीवर बसल्या होत्या. आत दूध उतू गेल्याचा वास येत होता.

"त्या दिवशी पाऊस नव्हता हो," काकू म्हणाल्या. "चांगलं ऊन होतं. उन्हाचं छत्री दुरुस्त करायला कोण जातं? आणि आदल्या दिवशी मी त्याला घालूनपाडून बोलले होते."

ती शेजारी बसली. काकूंनी सगळं सांगितलं. तो रागाने गेला असेल. मग पुन्हा पहिल्यापासून सांगितलं, त्यात तो गाडीखाली आला. पुन्हा सांगितलं, त्यात त्याचा दुसरीकडे संसार होता.

"हे तुमच्या त्या यंत्राने झालं?"

"हो, काकू."

"इतकी वर्षं मला काही नव्हतं. सुखाने जेवत होते. बंद करता येतं का ते?"

"येतं. पण मग सगळ्या गावाचं बंद होईल."

काकूंनी पदराने पायरीवरची धूळ झटकली. "त्याला शिंक आली की घर हलायचं," त्या म्हणाल्या, आणि हसता हसता त्यांना हुंदका फुटला. बंद करण्याचा विषय त्यांनी पुन्हा काढला नाही.

सकाळी तिने आपण होऊन ताईला फोन लावला. वडील, दवाखाना, तिथला तो डुगडुगणारा बाक, सगळं ओठांवर आलं होतं. फोन भाचीने उचलला.

"आई बाहेर गेलीय, मावशी. काही निरोप?"

"नाही गं. सहजच केला होता."

त्याच दिवशी तिला निघायचं होतं. "आता मी कोणाला सांगू?" काकूंनी विचारलं. तिने त्यांना हात धरून समोरच्या शिंपीणबाईंच्या दुकानात नेलं. शिंपीणबाई मशीन बंद करून बसल्या होत्या, मांडीवर लहान मुलीचा झगा. काकूंनी स्टूल ओढलं.

"कोणाचा हा?"

शिंपीणबाई सांगू लागल्या. काकू पुढे वाकून ऐकत होत्या. मेकॅनिक बाई पिशवी घेऊन उंबऱ्याशी उभी राहिली. निरोप घ्यायचा होता, पण दोघींपैकी कोणीच वर बघेना. मध्ये तोंड घालणं तिच्या जिवावर आलं. थोडा वेळ थांबून ती बसच्या दिशेने चालू लागली.