दैवशाला स्मृती शीतपेटी

दुःखाचं सोनं करणारी माणसं शतकातून एखाददुसरीच जन्माला येतात, असं तीर्थपुरीच्या सत्कार समारंभात अध्यक्षांनी सांगितलं. कल्याण सरांनी आपल्या दुःखाचं जे केलं होतं ते सोन्याचं नव्हतं. ते स्टीलचं होतं, सहा फूट तीन इंच लांब, वर काचेचं झाकण, खाली चार चाकं आणि मागून लोंबणारी थ्री-पिनची वायर. मंडपवाल्यांनी त्याला झेंडूचा हार घातला होता. पुढच्या रांगेतल्या बायका कार्यक्रम संपेपर्यंत खाली मोबाइलमध्ये बघत बसल्या.

दोन वर्षांपूर्वी मे महिन्यात सरांची बायको दैवशाला नळाचं पाणी भरता भरता ओट्यावर टेकली, ती उठलीच नाही. एकुलती एक मुलगी अक्षता हैदराबादला. ती फोनवर म्हणाली, “येते, थांबा.” थांबले. बावीस तास थांबले. लिंबूसोड्याची गाडी लावणारा शेजारी ख्वाजामियाँ पोत्यानं बर्फ आणत राहिला. बर्फावरचा भुसा दैवशालाच्या साडीला चिकटला आणि पाणी उंबऱ्यावरून थेट गल्लीत गेलं. लोकांनी आधी त्यातून वाट काढली, मग नाकाला रुमाल लावले.

सर तोवर निरोप समारंभाच्या कविता लिहायचे. त्यानंतर त्यांनी ‘बावीस तास’ लिहिलं. शेवटच्या पानावर अक्षता धावत येते आणि आईच्या गार पावलांवर गाल टेकवते. ते पान वाचून कॉलेजचा अख्खा स्टाफ रडला, लेखापालसुद्धा.

ख्वाजामियाँ रडला नाही. पुस्तकात त्याचं नाव होतं म्हणून त्यानं मुलीकडून ते वाचून घेतलं होतं.

“सर, किताबीत पोरगी आली.”

“हो.”

“आल्ती का?”

सरांनी गाडीवरचं एक लिंबू उचलून परत ठेवलं. “वेळ मिळाला असता तर आली असती. बर्फ टिकला नाही.”

“बराबर,” ख्वाजामियाँ म्हणाला आणि लिंबू कापायला लागला.

त्या उत्तरावरच पुढचं सगळं उभं राहिलं. पुस्तक खपलं, वाचकांनी वर मदत पाठवली, आणि तालुक्यातल्या कुठल्याही घरी फुकट जाईल अशी मयत ठेवायची शीतपेटी आली. सरांना सत्कार नको होते, निदान फार नको होते. त्यांना एवढंच हवं होतं, की ज्याच्यासाठी थांबलेत तो माणूस एकदा तरी पोचावा. कुणाच्या का घरी होईना, ते शेवटचं पान एकदा खरं व्हावं.

आठ महिने पेटी कुणी मागितली नाही. सर रस्त्यानं दिसले की म्हाताऱ्या माणसांना अचानक पलीकडच्या बाजूला काम निघायचं. कुणाच्या तब्येतीची चौकशी करायची तर त्यांना चोरी झाली होती.

“आमच्यात मय्यतीची जल्दी असते, सर,” ख्वाजामियाँ हळहळला. “न्हाईतर एखादं गिऱ्हाईक मीच दिलं असतं.”

मग मे महिन्यातच कुंभार पिंपळगावहून पुंजारामचा फोन आला. आई गिरिजाबाई सकाळी गेली. धाकटा भाऊ राजानंद यायचाय, त्याच्यासाठी थांबायचंय. सरांनी पेटीच्या पत्रकात छापलेले तीन प्रश्न विचारले: उंची किती, दार किती रुंद, थ्री-पिन आहे का. तिन्ही उत्तरं चोख आली. पाऊण तासात टेम्पो दारात होता.

गिरिजाबाई काचेखाली नीटनेटकी झोपली. सरांनी आकडा बघितला. तीन अंश. बाहेर त्रेचाळीस.

राजानंद अकराला फोनवर म्हणाला, “निघतोच.” चारला म्हणाला, “निघालोच समजा.” सरांच्या डोळ्यांपुढे पुणं, नगर, टोलनाके, ट्रकांच्या रांगा येत होत्या. उशिरा येणारी मुलं तिकडूनच येतात. ते पुंजारामच्या खांद्यावर हात ठेवून सांगत होते, “घाई नाही. आता वेळ आपल्या हातात आहे.”

मयत उठेपर्यंत भावकीत चूल पेटत नाही. आजवर हा नियम दोन-चार तासांचा होता आणि कुणाला जड गेला नव्हता. दुसऱ्या दिवशी सकाळी भावकीतली चौदा घरं ओसरीवर बसून पेटीकडे बघत होती. पोरांनी बिस्किटं खाऊन घेतली. पुंजारामची बायको नंदाबाई शुगरच्या गोळ्यांवर होती. तिला दोनदा भोवळ आली, दोनदा गूळ दिला.

“पुंजाराम,” भावकीतला थोरला मच्छिंद्र म्हणाला, “मयत हाय तवर चूल पेटवू न्हाई, कबूल. पण मयत उठूनच न्हाई राह्यली तं काय करावं?”

“अण्णा, मुलगा आहे,” सर मधे पडले. “शेवटचं तोंड बघू द्या त्याला.”

“आमचं बी बघा की जरा, सर. ही पेटी नसती तं काल दुपारीच जेवलो असतो.”

कुणीतरी फिसकन हसलं आणि खोकल्यात लपवलं.

एकोणतिसाव्या तासाला राजानंदचा फोन आला. पुंजारामनं स्पीकर लावला.

“दादा, उरकून घ्या. माझं जमून न्हाई राह्यलं.”

सरांनी फोन जवळजवळ ओढूनच घेतला. “राजानंद, मी कल्याण सर, पेटीवाला. तुम्ही सावकाश या. आणखी दोन दिवस सहज थांबता येतं. आई अगदी झोपल्यासारखी दिसते.”

पलीकडे पंख्याचा आवाज येत होता.

“सर,” राजानंद म्हणाला, “दोन दिवस थांबू नका.”

दुपारी तीनला गिरिजाबाईला नेलं. परत येईपर्यंत शेजारच्या गल्लीतून पिठलं-भाकरी आली होती. भावकी मान वर न करता जेवली. सर पेटी फिनाइलनं पुसत होते. पुसून झाली तरी पुसत होते. पुंजाराम पाण्याचा तांब्या घेऊन जवळ आला.

“पेटी मातर चांगली हाय, सर. आईच्या तोंडावर डाग न्हाई पडला.”

“त्याचंही चुकलं नाही,” सर म्हणाले. “पुण्याहून निघायचं म्हणजे सोपं नसतं. सुट्टी, रस्ते, गर्दी.”

“पुण्याहून?”

“राजानंद.”

“तो जालन्यात असतो, सर. मोंढ्यात दुकान हाय त्याचं.”

सरांच्या हातातलं फडकं थांबलं. “मग मला कुणी सांगितलं का नाही?”

“तुम्ही इचारलं न्हाई. उंची इचारली, दार इचारलं.”

जालन्याहून कुंभार पिंपळगावला यायला गाडीनं दोन तास लागतात.