एगिलचे मरण मी टिपले

मित्रांनो, मी हाताने फिरवायचा एक जुना सिनेमा कॅमेरा आहे. अक्रोडाच्या लाकडाची पेटी, पितळी कोपरे आणि उजव्या अंगाला मूठ. माझ्या तीन पायांपैकी एक तारेने बांधलेला आहे. तो कुणी मोडला आणि मी त्याचा सूड कसा घेतला, ते सांगतो.

कोपनहेगनमधल्या, काचेचे छप्पर असलेल्या एका स्टुडिओत मी लाउरिट्स नावाच्या कॅमेरामनच्या हाती आलो. तेव्हा चित्रपट मुके होते. लाउरिट्स एक नाचाची धून गुणगुणत मूठ फिरवी. त्या तालावर सेकंदाला बरोबर दोन फेरे पडत.

एगिल ट्वेरमोसे तेव्हा बंदरावर मासळीची पिंपे उचलायचा. देखणा म्हणून त्याला चित्रपटात घेतले, पण त्याचे निळे डोळे फिल्मवर पांढरे उतरत.

"उकडलेल्या माशासारखा दिसतोस, पोरा," लाउरिट्स म्हणाला. त्याने बायकोची काळी शाल माझ्या शेजारी टांगली. "हिच्याकडे बघत जा."

काळ्याकडे पाहिले की एगिलच्या डोळ्यांतल्या बाहुल्या मोठ्या होत आणि नजरेत जीव येई. त्या डोळ्यांवर सारा देश भाळला. चार वर्षांत सिगारेटच्या पाकिटांवर त्याचे चित्र आले.

मग एकदा तो सेटवर म्हणाला, "ती चिंधी काढा. कांद्याचा वास येतो."

"साहेब, तिच्यामुळेच तुमचे डोळे दिसतात."

"डोळे माझे आहेत, मास्तर. तुम्ही मूठ फिरवा. कॉफी दळणारी बाईसुद्धा फिरवते."

आणि त्याने मला लाथ मारली. मी कोसळलो, पाय मोडला. तेवढ्यावर न थांबता त्याने दिग्दर्शकाला बजावले, "या चित्रपटानंतर हा म्हातारा नको. तो असेल तर मी नाही." दिग्दर्शकाने मान डोलावली. लाउरिट्सने माझ्या पायाला तार गुंडाळली.

आमच्याकडे एका चित्रपटाचे दोन शेवट काढत. रशियाच्या प्रेक्षकांना नायक मेलेला लागे. इतरांसाठी तो लग्न करी. मरणाचा शेवट सर्वांत शेवटी काढला. त्या दिवशी लाउरिट्सने आपली धून प्रार्थनेइतकी संथ केली. सेकंदाला एकच फेरा. चित्रे निम्मीच निघाली, म्हणजे पडद्यावर सारे दुप्पट वेगाने पळणार. कुणाच्या लक्षात आले नाही, कारण त्याच्या गुणगुणण्याकडे कधी कुणी कान दिलाच नव्हता. मला अडकता आले असते. मी लोण्यासारखा चाललो.

हा तुकडा दूर रशियात जाईल, तिथे लोक हसतील, एवढाच त्याचा बेत होता. चाचणीच्या खेळाला पडद्यावर चित्र दाखवायचे यंत्रही त्यानेच फिरवले, तितकेच सावकाश. त्यामुळे मरण झकास दिसले. एगिल स्वतःच्या मरणावर रडला.

"हाच शेवट इथेही लावा," तो म्हणाला. "लग्न काय, खाटीकसुद्धा करतो."

लाउरिट्सला तेव्हा बोलता आले असते. "जशी आपली इच्छा, साहेब," एवढेच तो म्हणाला.

पहिल्या खेळाला थिएटरच्या माणसाने यंत्र नेहमीच्या वेगाने फिरवले. एगिलने छाती धरली, तापल्या तव्यावरच्या कोंबडीसारखा तो पलंगाभोवती नाचला, आडवा झाला, उठला, पुन्हा आडवा झाला. लोक डोळे पुसेपर्यंत हसले. नंतर तो रस्त्याने निघाला की पोरे त्याच्यापुढे छाती धरून टुणटुण मरत. दुसऱ्या वर्षी त्याला कुणी काम दिले नाही.

पहिल्या खेळानंतरच्या आठवड्यात लाउरिट्स आपले सामान न्यायला आला, त्या दिवशी एगिल त्याला गाठायला स्टुडिओत आला होता.

"मास्तर, किती फेरे फिरवलेत?"

"एक."

"सेकंदाला दोन असतात."

"तुम्हाला ठाऊक होतं? मला वाटलं, ते कॉफी दळणाऱ्या बाईचं काम."

 लाउरिट्सने शाल खांद्यावर टाकली आणि तो गेला. त्याचीही नोकरी गेलीच होती.

मित्रांनो, आता माझ्या भिंगावर बुरशी आहे, पण माझी कीव करू नका. ती हसणारी माणसे आठवली की मला अजून बरे वाटते. रोज राबणाऱ्या वस्तूंना तेल द्या आणि त्या चालवणाऱ्या माणसांशी नीट बोला. प्रेमाने जमत नसेल, तर भीतीने बोला. आम्ही गप्प असतो, पण तुमचा चेहरा आमच्या ताब्यात असतो.