श्यामसुंदरचं गाणं

आपल्या आयुष्यावर ऑपेरा बसतोय, हे गीतांजली तांडेलने सारसोळ्याच्या कोळीवाड्यात सांगितलं तेव्हा कुणाला धड उमगलं नाही. नाटक म्हटलं असतं तर एका दमात कळलं असतं. ऑपेरा म्हणजे सगळंच गायचं, बोलायचं नाहीच, असं तिने समजावल्यावर शेजारणीने विचारलं, मग तू मॅनेजरला घातलेल्या शिव्यापण गाऊनच का? त्या गाऊनच होत्या. गीतांजलीने तालमीत ऐकल्या होत्या, आणि हसता हसता तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

ऐन उमेदीत ती तुर्भ्याच्या एका औषध कंपनीत गोळ्यांची पाकिटं भरायला जायची. बायकांना वर्षानुवर्षं टेंपररी ठेवायचे. बाथरूमला जायचं तरी सुपरवायझरच्या तोंडाकडे बघायचं. गीतांजलीने युनियन बांधली, संप पुकारला, गेटवर मांडव टाकून बसली. पोलिसांनी उचललं तर घोषणा देत गाडीत चढली. आणि ती आत असतानाच तिचा उजवा हात, दिघ्याचा श्यामसुंदर, कंपनीशी समझोता करून मोकळा झाला. बायका कामावर परतल्या, यथावकाश कायमही झाल्या. गीतांजलीला तेवढं कंपनीने दारात उभं केलं नाही. तेव्हापासून तिने श्यामसुंदरचं नाव टाकलं होतं.

हे सगळं ऐकून घेऊन संगीत रचणारी समरा पनवेलची. परदेशात शिकून आलेली, पण गीतांजलीच्या ओट्यावर मांडी घालून जवळा-भाकरी खाणारी. गीतांजलीचा तिच्यावर जीव बसला होता. तो बसलेला जीव कोपरखैरण्याच्या हॉलमधल्या तालमीत एकदा चांगलाच उडाला. दुसऱ्या अंकात श्यामसुंदरचं काम करणारा गायक एकटा पुढे आला आणि असं काही गायला, की बाहेर गप्पा मारणारे वादकसुद्धा आत येऊन उभे राहिले. अख्ख्या ऑपेरातली सगळ्यात गोड चाल समराने त्या माणसाला दिली होती. शिवाय ती गुपचूप दिघ्याला जाऊन त्याला भेटूनही आली होती.

गीतांजली पिशवी उचलून निघालीच. समरा जिन्यापर्यंत तिच्या मागे आली.

"मावशी, तुम्ही लॉकअपमध्ये होता," ती म्हणाली. "तेव्हा रोज संध्याकाळी बायका त्याच्या दारात येऊन रडत होत्या. आता जमत नाही, मिटवा म्हणत होत्या. ते तुम्हाला कसं दिसणार?"

गीतांजली तशीच जिना उतरून गेली. घरी गेल्यावर मात्र भांडी घासताना ती चाल तिच्याच तोंडात आली, आणि तिने चिडून नळ मोठा सोडला.

प्रयोग रविवारी दुपारी, वाशीच्या नाट्यगृहात होता. सारसोळे, दिघा, तुर्भे, जिथून तिथून जुन्या कामगार बायका ठेवणीतल्या साड्या नेसून आल्या. पडदा उघडला, ढोल आणि व्हायोलिनं एकदम सुरू झाली, आणि सई नावाची उंच आवाजाची मुलगी गीतांजली होऊन गेटसमोर उभी राहिली. "कोण येणार माझ्यासंगं?" तिने वरच्या सुरात विचारलं.

उत्तर खरं तर रंगमंचावरच्या कोरसने द्यायचं होतं. पण तिसऱ्या रांगेतून एक म्हातारी उठली आणि खणखणीत ओरडली, "आमी येनार!" मग तिच्या शेजारची उठली. बघता बघता अर्धं थिएटर उभं. सई क्षणभर गडबडली. समराने हसून वादकांना खूण केली, तीच ओळ पुन्हा वाजली, सईने पुन्हा विचारलं, आणि या खेपेला प्रेक्षागृह सुरात गरजलं. गेटवरसुद्धा एवढा आवाज उठला नव्हता.

मग श्यामसुंदरचं गाणं आलं आणि सगळं चिडीचूप झालं. गीतांजलीने डावीउजवीकडे पाहिलं. तिच्या रांगेतल्या, पुढे कायम झालेल्या बायका मान खाली घालून ऐकत होत्या. एकीने पदर डोळ्याला लावला. तेव्हा कुठे गीतांजलीला ती दारात रडणारी माणसं दिसली.

शेवटी टाळ्या थांबेनात. समराने गीतांजलीला हाताला धरून वर नेलं. दिव्यांच्या झोतात डोळे मिचकावत तिने खाली पाहिलं, तर अगदी मागच्या रांगेतून एक वाकलेला माणूस हळूच दाराकडे निघाला होता. त्याची चालण्याची ढब तिने लगेच ओळखली.

"श्याम!" तिने गेटवरच्या आवाजात हाक मारली. माइक लागलाच नाही. "चाललास कुठं? वर ये."

सगळं थिएटर वळून बघू लागलं. तो अवघडून, खुर्च्यांना हात टेकत आला. बायकांनी त्याला वाट दिली, कुणीतरी पायरीवर हात दिला. वर येऊन तो तिच्यासमोर उभा राहिला.

"माझ्यापेक्षा गोड गानं तुला मिललं हाय," गीतांजली म्हणाली.

"मला कुठं गाता येतं, बाई," तो म्हणाला.

"समझोत्याचं मी इसरले नाय हां."

"ठाऊक हाय. म्हणून तर मागं बसलो."

तिने त्याचा दंड धरून त्याला सईच्या शेजारी उभं केलं आणि स्वतः पलीकडे उभी राहिली. तिसऱ्या रांगेतली म्हातारी पुन्हा उठली, तिने जुनी घोषणा दिली, वादकांनी ती ढोलावर झेलली. त्या गलक्यात गीतांजली आणि श्यामसुंदर समझोत्यातल्या अटींवरून हातवारे करत भांडायला लागलेही होते, आणि दोघांचेही चेहरे उजळून निघाले होते.