शिट्टी न वाजवता

"वाजली! ऐकलीत ना, सिस्टर? पहिल्याच दमात!"

गॅस्केटकाकांनी तोंडाची प्लॅस्टिकची बाटली काढली आणि पैज जिंकल्यासारखे दवाखान्यातल्या खुर्चीत ताठ बसले. शेजारी बसलेल्या लेकीनेही हुश्श केलं. रोज सकाळी कामावर निघताना, चपला घालता घालता, ती आतल्या खोलीतून येणारी ही शिट्टी ऐकायची आणि बाबांचं औषध पोटात गेलं म्हणून निर्धास्त व्हायची.

सिस्टरने कपाळाला हात लावला.

"काका, हे असं किती दिवस चाललंय?"

"आठ महिने. सकाळी दोन, संध्याकाळी दोन. खाडा नाही."

"आणि शिट्टी रोज वाजते?"

"वाजते म्हणजे! आता तर अशी खणखणीत वाजते, की शेजारचे तिच्यावर घड्याळ लावतात."

"चुकलं की वाजते ती, काका."

काका हसले. त्यांना ती चेष्टा वाटली. मग सिस्टर हसत नाही असं दिसल्यावर त्यांचं तोंड हळूहळू मिटलं.

चौतीस वर्षं या माणसाने प्रेशर कुकर दुरुस्त केले, म्हणूनच नाव गॅस्केटकाका. दोन माणसं आत उभी राहिली तर तिसऱ्याने बाहेर थांबावं एवढंच दुकान. रबर बदला, व्हॉल्व्ह बदला, पाणी घालून शेगडीवर चढवा आणि गिऱ्हाइकासमोर वाट बघा. शिट्टी झाली की काम चोख. उभ्या आयुष्याचा एवढा एकच दाखला त्यांना ठाऊक होता. मग दम्यासाठी हातात ही प्लॅस्टिकची बाटली आली. एका टोकाला पंप लावायचा, दुसऱ्या टोकाला तोंड. पंप दाबला की औषध बाटलीत थांबतं आणि माणसाने ते सावकाश ओढून घ्यायचं. घाईने ओढलं तर बाटली ओरडते, "अरे, हळू!" काकांना ऐकू आलं, "शाब्बास!"

आणि चूक त्यांची म्हणायची? आठ महिन्यांत चार वेळा मोठ्या डॉक्टरांनी कागद बदलला. औषध वाढवलं. "फरक नाही? वय झालं," म्हणाले. एका पंपाच्या जागी दुसरा, वर गोळ्या. त्या शिकल्यासवरलेल्या मंडळींपैकी एकाच्याही तोंडून "काका, जरा औषध घेऊन दाखवा" एवढी पाच शब्दांची गोष्ट निघाली नाही. पाच शब्द! चांभारसुद्धा जोडा दिल्यावर चालून दाखवा म्हणतो.

आज काका आले होते ते निकाल ऐकायला. लेकीने स्पष्ट सांगितलं होतं, "यावेळी फुंकायच्या नळीवरचा आकडा वाढला नाही, तर पहिल्या तारखेला दुकान मोबाइलच्या कव्हरवाल्याला देऊन टाकायचं. दहा पावलं चालून भिंत धरता तुम्ही, बाबा. माझा कामावर जीव लागत नाही." आकडा वाढला नव्हता. उलट घसरला होता. नवीन आलेल्या या सिस्टरने तो लिहायला पेन उचललं, परत ठेवलं आणि ते पाच शब्द उच्चारले.

आता ती बाटली उजेडात धरून बघत होती.

"ही एवढी चकचकीत कशी?"

"रोज घासतो. फडक्याने." काकांचा आवाज बारीक झाला. "माझ्या हातून मळकी वस्तू जात नाही."

"घासायची नाही! केसांतून फिरवलेल्या कंगव्याला कागदाचे कपटे चिकटतात ना, तसं औषध आतून चिकटून बसतं. साबणाच्या पाण्यात बुडवा, निथळू द्या, आपोआप वाळू द्या."

"म्हणजे आठ महिने मी बाटलीलाच औषध पाजलं?"

"थोडं तुम्हालाही गेलं असेल," सिस्टर म्हणाली आणि तिलाच हसू फुटलं.

लेक हसली नाही. "मी रोज ऐकत होते, बाबा. रोज! दार उघडून बघितलं नाही एकदा."

"अगं, बघून तरी काय करणार होतीस? टाळ्या वाजवल्या असत्यास."

मग शिकवणी सुरू झाली. पंप हलवा. श्वास पूर्ण सोडा. ओठ घट्ट. एकदाच दाबा. ओढा, हळू, अजून हळू. तीनदा शिट्टी वाजली. चौथ्या वेळी काका थांबले आणि स्वतःशीच म्हणाले, "मंद आचेवर."

"काय?"

"काही नाही. ओठ म्हणजे रबर, आणि आच मंद. असं सांगायचं ना आधी!"

यावेळी काहीच वाजलं नाही. सिस्टरने बोटांवर दहा मोजेपर्यंत त्यांनी श्वास धरला.

"एक महिना," लेक बाहेर आल्यावर म्हणाली. "नंतर माझं ऐकायचं."

"त्याआधी कधी ऐकलं नाही का मी?"

"कधी ऐकलंत?"

महिन्याने आकडा वाढला. जुन्या काकांइतका नाही, पण भिंत सुटली. सिस्टरने मात्र एक अट घातली. भांड्यांना झिलई करायचं फिरतं चाक बंद. त्याची बारीक धूळ छातीत जाते. शिट्टी गिऱ्हाइकासाठी असायची, झिलई त्यांच्या स्वतःसाठी. दुकानात येऊन काकांनी चाक उतरवलं, कागदात गुंडाळलं आणि कोणाला दिलं ते सांगितलं नाही, पण देऊन टाकलं. त्याच संध्याकाळी लेकीने कव्हरवाल्याला नकार कळवला.

आता कामावरून सुटली की ती परस्पर दुकानात येते. त्या दिवशी काकांनी दुसरा फवारा घेतला आणि श्वास धरला तेवढ्यात एक बाई काळपट कुकर घेऊन आली.

"काका, हा जरा..."

लेकीने दोन्ही हात वर केले. बोटं एकेक मिटत होती. बाईने आपला कुकर आवाज न करता, अलगद फळीवर टेकवला आणि तीही थांबली. आठ. नऊ. दहा.

काकांनी श्वास सोडला, पेल्यातल्या पाण्याने चूळ भरली, तोंड पुसलं आणि कुकर चाकाच्या रिकाम्या जागी ओढून फिरवून बघितला.

"शिजवायचंय, की मिरवायचंय?"

"शिजवायचंय," बाई म्हणाली.

"मग ठेवा."