विरोधी पक्ष गप्प बसला

बँकेच्या वार्षिक सभेत मी दरवर्षी कडेच्या खुर्चीवर बसते, म्हणजे उठताना कुणाचे गुडघे ओलांडावे लागत नाहीत. अध्यक्षांनी “कुणाला काही विचारायचंय का?” म्हटलं रे म्हटलं, की मी उभी! बँकेतली पोरं मला ‘विरोधी पक्ष’ म्हणतात. माझा मुलगा त्याच बँकेत कर्जाच्या टेबलावर आहे, त्याच्यादेखत म्हणतात. म्हणेनात का! शिवणकामाचं दुकान चालवते मी. चारचौघांत बोलायला लाजले असते तर गिऱ्हाइकांनी मला केव्हाच विकून खाल्लं असतं.

यंदा मात्र मी तोंड उघडणार नाही असं कबूल करून बसले होते, आणि सकाळपासून जिवाला चैन म्हणून नव्हतं. एका शर्टाची बाही उलटी जोडली, उसवली, पुन्हा उलटीच जोडली. शेवटी मशीनवर कापड टाकलं आणि सभा सुरू व्हायच्या कितीतरी आधी सभागृहात जाऊन बसले. खुर्च्या मांडणारा माणूस म्हणाला, “बाई, आज जोरात तयारी दिसतेय!” मी त्याच्यावरच खेकसले.

झालं होतं असं. राजधानीतली एक बडी बँक आमची बँक विकत घ्यायला निघाली होती, आणि त्याचा ठराव या सभेत येणार होता. आठवड्यापूर्वी मुलगा जेवता जेवता खाली मान घालून म्हणाला, “आई, या सभेत तू काही बोलू नकोस.”

“का? कुणाला मिरच्या झोंबतात?”

“ती बँक आमच्यातले निम्मेच लोक ठेवणार आहे. कुणाला ठेवायचं ते मॅनेजर सांगणार. त्यांनी मला बोलावून घेतलं होतं. म्हणाले, तुमच्या आईला जरा आवरा.”

माझ्या अंगाची लाही लाही झाली. पण त्याच्याकडे पाहिलं, घास नुसता हातात धरून बसला होता. घरात त्याची बायको, तान्हं बाळ. मी म्हटलं, “बरं बाबा, नाही बोलत.” त्यानं चमकून माझ्याकडे पाहिलं आणि ताट घेऊन उठला.

आता तुम्ही म्हणाल, एका बँकेपायी हिचा एवढा जीव का वरखाली होतो? अहो, ही बँक आमच्या गल्लीनं काढलेली. मोठ्या बँका गल्लीतल्या दुकानदारांना दारात उभं करत नव्हत्या. तेव्हा कापडवाले, भांडीवाले, कुलूपवाले सगळे एकत्र आले, त्यांत माझे सासरे. पहिलं वर्षभर बँक म्हणजे आमच्या दुकानाची मागची खोली आणि कापड बेतायचं टेबल हाच काउंटर. त्या लोकांनी एक शहाणपणा केला. बँकेची मालकी किंवा जागा बदलायची वेळ आली तर शेअर मोजायचे नाहीत, हात मोजायचे, असा नियम करून ठेवला. कुणाकडे गठ्ठाभर शेअर असोत, त्याचाही हात एकच.

पुढे दुकानदार थकले, त्यांची मुलं बाहेरगावी गेली, आणि तेलगिरणीच्या मालकानं एकेकाचे शेअर गुपचूप उचलायला सुरुवात केली. तो अध्यक्ष झाला. तो गेल्यावर त्याचा जावई अध्यक्ष झाला. म्हणजे बँक काढली आम्ही आणि खुर्ची जावईबापूंची! आमचे हे गेल्यावर शेअर माझ्या नावावर आले, तेव्हापासून दरवर्षी मी उठून विचारते, “यंदा कुणाचे शेअर कुणी घेतले? नावं वाचा.” ते कपाळाला आठ्या घालून वाचतात. लोक हसतात, घड्याळ बघतात, चहाच्या टेबलाकडे बघतात. एकदा शाखा गल्लीतून हलवायचा ठराव आला होता. मी सभागृह डोक्यावर घेतलं आणि ठराव पडला. लोकांना लांब चालायचा कंटाळा असेल, असंच मी समजून चालले.

तर सभा सुरू झाली. माझ्या शेजारी माझी मैत्रीण, बटणवाली. पाठीमागे कुलूपवाले काका. अध्यक्षांनी ठराव वाचला. ग्राहकांचं हित, नवं तंत्रज्ञान, उज्ज्वल भविष्य, सगळं गुळगुळीत. माझ्या डोक्यात प्रश्नांची नुसती रेटारेटी. गल्लीतली शाखा राहणार का? उद्या एखाद्या पोरानं टपरी टाकायची म्हटलं तर राजधानीतला साहेब त्याला ओळखणार का? या विक्रीत जावईबापूंच्या पदरात किती पडणार? मी पायावर पाय टाकला, काढला, दुसरा टाकला. पर्सची चेन उघडली, लावली. बटणवाली म्हणाली, “अगं, मुंग्या चावतायत का तुला?”

“कुणाला काही विचारायचंय का?” अध्यक्ष म्हणाले, आणि सवयीनं सरळ माझ्याकडे बघितलं. माईक घेऊन फिरणारा माणूस तर माझ्या खुर्चीपाशीच येऊन उभा राहिला.

मी जमिनीकडे बघत बसले. सगळं सभागृह माना वळवून माझ्याकडे बघतंय हे मला कळत होतं. मुलगा मागे भिंतीशी उभा होता. मी दात दाबून धरले, अक्षरशः जबडा दुखायला लागला.

“नाही ना? मग ठराव मताला टाकतो.”

हात वर झाले. आधी पुढच्या रांगेतले, मग थोडं थांबून, इकडेतिकडे बघत बघत, बाकीचे. बटणवालीचा हात माझ्या कानाजवळून वर गेला. माझे दोन्ही हात मांडीवर होते. मोजणी झाली, टाळ्या झाल्या, संपलं. एवढी वर्षं जपलेली बँक चहा उकळायच्या आत गेली.

“तू कशाला हात वर केलास गं?” मी तिला बाहेर गाठलंच. “तुला कळला तरी का तो ठराव?”

“मला कुठलं कळतंय!” ती म्हणाली. “पण तू गप्प बसलीस ना. म्हटलं, हिला यात खोट दिसत नाही, म्हणजे बरंच असणार. मी तर नेहमी तुझ्याकडे बघूनच ठरवते.”

“आम्ही पण तसंच,” कुलूपवाले काका म्हणाले. “शाखा हलवणार होते तेव्हा तुम्ही ओरडलात, आम्ही हात खाली ठेवला. आज तुम्ही बसून राहिलात, मग आम्ही का आडवं यायचं?”

मला तोंडात मारल्यासारखं झालं. इतकी वर्षं मला वाटायचं, आपण बोलतो आणि लोक चहाची वाट बघतात. चहा राहिला तसाच आणि मी तरातरा घरी आले. या खोलीतून त्या खोलीत फेऱ्या घालत राहिले. सुनेनं दोनदा विचारलं काय झालं, दोन्ही वेळा तिच्यावर डाफरले, मग तिचीच माफी मागितली.

संध्याकाळी मुलगा आला. बूटही न काढता दारातच उभा राहिला.

“नोकरी राहिली ना?” मी विचारलं.

“राहिली. पण गल्लीतली शाखा बंद करणार आहेत. मला राजधानीत जावं लागेल. आम्हा तिघांना.” मग एकदम त्याचा आवाज चढला. “आई, तू बोलली का नाहीस?”

“मी? अरे, तूच सांगितलंस ना मला!”

“मॅनेजरनं सांग म्हटलं म्हणून सांगितलं. ‘साहेब, मी सांगून बघितलं, ती ऐकत नाही,’ एवढं मला म्हणता आलं असतं. मला काय माहीत तू ऐकशील! आजवर कधी ऐकलंयस माझं?”

“आत्ता बोलते,” मी म्हटलं आणि खरंच उभी राहिले. सगळे प्रश्न तयार होते. पण समोर तो एकटाच होता, आणि आत बाळ रडायला लागलं होतं.